एक न लिहिलेले वयनशास्त्र

आषाढातील एका संध्याकाळी आमच्या नेहमीच्या बैठकीत वस्त्रांचा विषय निघाला. मंडळींत आमचे एक स्नेही पदार्थविज्ञानाचे अध्यापक आहेत. ते म्हणाले, "हिंदुस्थानच्या कारागिरास हात होता, डोळा होता, वाडवडिलांची सवय होती, पण शास्त्र नव्हते. तुमच्या संस्कृतात हत्तीच्या रोगांवर ग्रंथ आहे, घोड्याच्या लक्षणांवर आहे, पाकक्रियेवर आहे. कोष्ट्याने लिहिलेला एक ग्रंथ दाखवा, म्हणजे मी माझे म्हणणे मागे घेतो." आम्हांस असा ग्रंथ दाखविता आला नाही. तेव्हा दुसऱ्या एका स्नेह्यांनी थट्टेने सुचविले की, नसेल तर आपण एक कल्पून घ्यावा. त्याच्या पूर्वार्धात हवा वस्त्रात कशी विणावी हे सांगितलेले असावे, आणि उत्तरार्धात सूर कसा विणावा हे. सगळे हसले, आणि विषय तेथेच थांबला.

घरी आल्यावर मात्र ती थट्टा आमच्या मनातून जाईना. जसजसा विचार करू लागलो तसतसे आम्हांस वाटू लागले की, ह्या कल्पित ग्रंथाचे दोन्ही अर्ध प्रत्यक्षात होते. एक ढाक्यास होता व दुसरा काश्मिरात. ते पोथीच्या रूपाने नव्हते एवढेच. तेवढ्यावरून त्यांस शास्त्र म्हणावयाचे की नाही, हाच काय तो वादाचा मुद्दा.

प्रथम आपल्या जुन्या वाङ्मयाची झडती घेतली पाहिजे. ज्या भाषेत शास्त्राच्या वाक्याला 'सूत्र' म्हणतात, मांडणीला 'तंत्र' म्हणजे मागावरचा ताणा म्हणतात, आणि पुस्तकाला 'ग्रंथ' म्हणजे गाठून बांधलेले म्हणतात, त्या भाषेतील विद्वानांनी विणकऱ्याकडून शब्द तर उसने घेतले, परंतु त्याच्या विद्येची नोंद केली नाही, ही मोठी विलक्षण गोष्ट आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १३०व्या सूक्तात यज्ञ हे एक विणले जाणारे वस्त्र कल्पिले असून सामगायन हे त्यातील धोटे म्हटले आहेत. सूर धोट्यासारखा ताण्यातून इकडून तिकडे जातो ही कल्पना इतक्या प्राचीन काळी सुचली होती. महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक नागलोकी जातो तेव्हा त्यास दोन स्त्रिया काळ्या व पांढऱ्या सुताने वस्त्र विणताना दिसतात, आणि बारा आऱ्यांचे चक्र सहा कुमार फिरविताना दिसतात. सूत म्हणजे रात्र आणि दिवस, कुमार म्हणजे ऋतु. हे सारे मनोहर आहे. पण असले रूपक सुचण्यासाठी कवीने कोष्ट्याच्या दारात क्षणभर थांबणे पुरते; आत जाऊन बसावे लागत नाही.

आत जाऊन बसला तो कौटिल्य, पण तोही अधिकारी म्हणून. अर्थशास्त्रातील सूत्राध्यक्षाच्या प्रकरणात विधवा, अपंग, निराधार अशा स्त्रियांकडून सूत कातवून घ्यावे, सुताच्या तलमपणाप्रमाणे मजुरी ठरवावी, असे नियम आहेत. ज्या स्त्रिया स्वतः सूतशाळेत येतील त्यांचा व्यवहार पहाटे उरकावा, दिवा केवळ सूत तपासण्यापुरता असावा, आणि जो अधिकारी त्या स्त्रीच्या मुखाकडे पाहील त्यास दंड व्हावा, इतकी बारीक काळजी त्याने वाहिली आहे. उत्तम कापसाचे कापड कोठले, ह्या यादीत त्याने वंगाबरोबर अपरांताचे, म्हणजे आपल्या कोकणाचे, नाव घातले आहे, हे वाचून कोणाही मराठी वाचकास बरे वाटेल. परंतु सूत तलम होते कसे, हे त्यात नाही. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा ह्याचा 'मानसोल्लास' इ. स. ११२९च्या सुमारास झाला. त्यात वस्त्रोपभोग असा स्वतंत्र अध्याय असून राजाने कोणत्या ऋतूत कोणते वस्त्र नेसावे ह्याची चर्चा आहे. आणि ह्याच ग्रंथात पुढे गीताच्या प्रकरणात महाराष्ट्रातील स्त्रिया कांडण करताना ओवी गातात अशी नोंद आहे. ऋतु, वस्त्र आणि कष्टाचे गाणे ही तिन्ही एका ग्रंथात आली, पण तिघांची गाठ पडली नाही. ग्रंथ नेसणाऱ्याने लिहिला होता, विणणाऱ्याने नव्हे.

म्हणून आता ढाक्यास जाऊ. ढाक्याची मलमल आंगठीतून ओढून काढता येई, हे आपल्याकडे लहान मुलासही ठाऊक असते. आणि ह्या आंगठीने खऱ्या गोष्टीकडे कोणाचे लक्ष जाऊ दिले नाही असे आम्हांस वाटते. खरी गोष्ट जेम्स टेलर ह्या डॉक्टराने लिहून ठेवली आहे. हा ढाक्यास सरकारी शल्यवैद्य होता. १८४० साली त्याने ढाक्याच्या स्थलवर्णनाचा ग्रंथ प्रसिद्ध केला, आणि १८५१ साली, लंडनमध्ये मोठे प्रदर्शन भरले त्या वर्षी, ढाक्याच्या कापसाच्या धंद्यावर त्याचे दुसरे पुस्तक आपले नाव न घालता, 'ढाक्याचा एक माजी रहिवासी' म्हणून, निघाले. त्याने ते लिहिले तेव्हा धंदा मरणपंथास लागला होता. परंतु जुन्या हातांपैकी काही हात अद्याप चालत होते, आणि त्यांजवळ बसून त्याने पाहिले.

मेघना व शीतलक्षा ह्या नद्यांच्या काठच्या पुळणीत 'फुटी' नावाचा कापूस होई. त्याचा धागा आखूड. आजच्या गिरणीत असला कापूस कोणी आत घेणार नाही. पण त्याचे सूत धुतल्यावर फुगत नसे, आटून बसे. विलायती सूत धुतले की फुगे. हा कापूस साफ करण्यासाठी बोआल नावाच्या माशाचा जबडा फणीसारखा वापरीत, कारण त्याचे बारीक वाकडे दात केरकचरा धरीत आणि तंतु सोडीत. मग सपाट फळीवर लोखंडी काडी फिरवून सरकी काढावयाची, लहानशा धनुकलीने पिंजावयाचे, आणि तयार कापूस धूळ लागू नये म्हणून कुचिया ह्या वामेसारख्या माशाच्या गुळगुळीत वाळल्या कातड्यात गुंडाळून ठेवावयाचा. चाती म्हणजे एक जाडशी सुईच. तिच्या खालच्या अंगास मातीची गोळी, आणि ती फिरावयाची शिंपल्याच्या तुकड्यावर. ह्या सबंध सामग्रीची किंमत काही आण्यांहून अधिक नसेल.

आता हवेचे पाहा. सर्वांत तलम सूत उजाडल्यापासून सकाळच्या नऊ-दहा वाजेपर्यंत कातीत, आणि पुन्हा दुपारी तीन-चार वाजल्यापासून सूर्य मावळण्याच्या अर्धा तास आधीपर्यंत. त्यांतही जे अति तलम ते उन्हाने दंव उडण्यापूर्वीच उरकावयाचे. कारण उघड आहे: कापसाच्या तंतूस ओल मिळाली म्हणजे तो लवचीक होतो व त्याची ताकद वाढते, कोरड्या हवेत तो कडक होऊन तटकन तुटतो. ज्या दिवशी हवा फार कोरडी असेल त्या दिवशी कातणारीण उथळ पाण्याच्या भांड्यावर धागा धरून काती, म्हणजे वर येणारी वाफ तंतूस ओल देई. टेलरने आपला उष्णतामापक लावून पाहिला आणि ८२ अंश फॅरनहीटच्या आसपासची ऊब व तिच्या जोडीला ओलसरपणा ही ह्या कामास उत्तम स्थिती होय असे ठरविले. विणकरही त्याच नियमाने चाले. आषाढ, श्रावण, भाद्रपद हे त्याचे मोसमाचे महिने; इतर वेळी तो पसरलेल्या ताण्याखाली पाण्याची पसरट भांडी मांडून ठेवी. आपल्याकडे ह्याच्या उलट प्रकार. इकडे सुताची पाजणी उघड्या रस्त्यावर चाले, त्यामुळे पाऊस हा कोष्ट्याचा वैरी. ढाक्यात तो जणू त्याच्या मागावरचा जोडीदार होता.

आमच्या पदार्थविज्ञानाच्या स्नेह्यांनी येथे क्षणभर थांबावे. १८८९ साली इंग्लंडच्या पार्लमेंटला कापडाच्या गिरण्यांतील हवेचा ओलावा किती असावा ह्यावर कायदा करावा लागला, कारण लँकेशायरचे गिरणीमालक सूत तुटू नये म्हणून मागांच्या खोल्यांत वाफ सोडीत आणि मजूर आजारी पडत. म्हणजे जे तत्त्व विलायतेत कायद्याने व यंत्राने सांभाळावे लागले तेच ढाक्याची निरक्षर बाई पाण्याच्या एका वाडग्याने सांभाळीत होती. कारण जाणून, परिस्थिती बदलली असता उपाय बदलणे ह्यास शास्त्र म्हणत नसतील, तर शास्त्र कशास म्हणतात हे आम्हांस कळत नाही. केवळ सवयीचा माणूस हवा कोरडी झाली म्हणजे हात जोडून बसतो. तो पाणी मांडीत नाही.

ह्या विद्येला परिभाषाही होती. 'आब-ए-रवाँ' म्हणजे वाहते पाणी, 'शबनम' म्हणजे दंव, 'बाफ्त-हवा' म्हणजे विणलेली हवा. ही फारसी नावे दरबाराने दिली, आणि त्यांत दरबारी अतिशयोक्ती आहे हे कबूल केले पाहिजे. तथापि ती नावे ज्यातून वस्त्र झाले त्याचीच आहेत हेही विसरता येत नाही. पाणी, दंव, हवा: ज्या तीन पदार्थांवाचून ते सूत निघालेच नसते, ते तिन्ही नावांत आले आहेत. विल्यम बोल्ट्‌स ह्याने १७७२ साली दोन दंतकथा नमूद केल्या. औरंगजेबाने मुलीच्या अंगावरील पातळ वस्त्राबद्दल तिला रागे भरले असता तिने सात पदर घातले असल्याचे सांगितले, ही एक. दुसरी अलिवर्दीखानाच्या काळची: गवतावर वाळत घातलेले आब-ए-रवाँचे वस्त्र गाईने गवत समजून खाल्ले, आणि निष्काळजी विणकरास शहराबाहेर काढण्यात आले. पहिली कथा सर्वांस पाठ असते. आम्हांस दुसरी अधिक बोलकी वाटते. तिच्यात कौतुक वस्त्राचे होते आणि शिक्षा विणकरास होते.

ह्याच बोल्ट्‌सच्या पुस्तकावरून एक गैरसमज आपल्याकडे रूढ झाला आहे, तोही येथेच सांगून टाकू. इंग्रजांनी ढाक्याच्या मलमल विणणारांचे आंगठे तोडले असे भाषणांतून व शाळेच्या पुस्तकांतूनही ऐकू येते. बोल्ट्‌सने लिहिले आहे ते निराळे आहे. कंपनीच्या गुमास्त्यांचा जाच असह्य होऊन बंगालमधील कच्चे रेशीम उलगडणाऱ्या लोकांनी, आपणांस ह्या कामास जुंपता येऊ नये म्हणून, स्वतःच आपले आंगठे तोडून घेतले, असे तो म्हणतो. मलमल नव्हे, रेशीम. इंग्रजाने नव्हे, स्वतः. ज्या माणसाचे सारे धन त्याच्या बोटांत त्याने ते आपल्या हाताने नष्ट करावे, ह्या सत्यापुढे ती प्रचलित दंतकथा आम्हांस फिकी वाटते. देशाभिमानास खोट्या साक्षीची गरज येथे मुळीच नव्हती.

पण सर्व दोष परकीयांच्या पदरी बांधून मोकळे होता येत नाही. मलमलीचे गुणगान करणाऱ्या लेखांत एक हिशेब क्वचितच आढळतो. टेलर सांगतो की, कुशल कातणारीण महिनाभर रोज सकाळ खर्च करून अति तलम सूत काढी ते अवघे अर्धा तोळा. मलमल-ए-खास किंवा सरकार-ए-आली ह्या जातीचा अर्धा ठाण विणावयास पाच-सहा महिने लागत. कातणाऱ्या बहुधा १८ ते ३० वर्षांच्या स्त्रिया असत. तिशी उलटली की दृष्टी त्या सुतास पुरत नसे. म्हणजे बारा वर्षे पहाटेच्या अंधुक उजेडात दिसेल न दिसेल असा धागा पाहात राहावयाचे, आणि मग डोळे अधू झाले की ते काम धाकट्या बहिणीस किंवा सुनेस द्यावयाचे. मोगल बादशहाच्या अंगावरील दंव ह्या डोळ्यांतून आले होते. त्यांपैकी एकीचेही नाव टेलरच्या पुस्तकात नाही, आणि बादशहाच्या दफ्तरात असण्याचा संभवही नाही. ह्या शास्त्राचा ग्रंथ का झाला नाही, ह्याचे एक उत्तर येथेच मिळते. कापूस पिकविणारा एक, कातणारी दुसरी, विणणारा तिसरा, धुणारा चौथा, निसटलेले धागे जागी बसविणारा पाचवा, रफू करणारा सहावा. ज्याच्या त्याच्याजवळ ग्रंथाचे एकेक पान, आणि सबंध पोथी कोणाच्याच हाती नाही.

हवेचा अध्याय येथे संपला. सुराचा अध्यायही ढाक्याच्याच मागावर सुरू होतो. ढाक्याचे जामदानी वस्त्र दोघे मिळून विणतात. उजवीकडे उस्ताद, डावीकडे शागीर्द. समोर नकाशा नसतो. कोणत्या धाग्याखालून कोणता धागा घ्यावयाचा हे उस्ताद ठरीव बोलांत सांगतो. ह्या बोलांस 'बुली' म्हणतात. नक्षी पाठ केलेली असते ती अशी, तबल्याचे बोल पाठ करावे तशी. परंतु ह्या बोलण्याची लिपी झाली ती तेथून शेकडो कोस दूर, काश्मिरात.

काश्मीरच्या शालीशी महाराष्ट्राची ओळख जुनी आहे. पेशव्यांच्या दरबारात शास्त्री-पंडितांचा आणि सरदारांचा सन्मान शालजोडीने होई. शाली जोडीने विणल्या व विकल्या जात म्हणून 'शालजोडी'. आणि शालजोडीत गुंडाळून द्यावयाच्या अहेराविषयी आपल्या भाषेने जे काही करून ठेवले आहे ते वाचकांस सांगावयास नको. पण ती शाल होते कशी, ह्याचा शोध आपल्या पंडितांपैकी कोणी केल्याचे आम्हांस आढळले नाही. तो विल्यम मूरक्रॉफ्ट नावाच्या इंग्रज पशुवैद्याने केला. घोडे शोधावयास निघालेला हा गृहस्थ १८२२-२३ साली श्रीनगरास राहिला आणि शालीच्या मागांवर बसून त्याने जे टिपले ते त्याच्या मृत्यूनंतर, १८४१ साली, विल्सनने संपादित केलेल्या त्याच्या प्रवासवृत्तात आले. मलमलीचा इतिहास मनुष्यवैद्याने लिहिला आणि शालीचा पशुवैद्याने, हा योगायोग गमतीचा आहे.

नक्काश प्रथम नक्षीची आकृती काढी, पण काळ्यापांढऱ्यातच. ती आकृती पुढे घेऊन 'तरह-गुरु' बसे. तो आकृतीच्या तळापासून आरंभ करी आणि ओळीओळीने वर चढत, ह्या जागी अमुक रंग, इतके धागे, मग तमुक रंग, इतके धागे, असे मोठ्याने म्हणत जाई. त्याच्याजवळ 'तालीम-गुरु' बसे. तो ऐकेल ते खुणांच्या लिपीत उतरून घेई. ह्या कागदास तालीम म्हणत. त्यात रंगास खूण आहे, संख्येस खूण आहे. चित्र कोठेच नाही. ती मग मागावर जाई. मागावर दोघे-तिघे विणकर, आणि त्यांच्यापुढे रंगीत लोकरीच्या शेकडो लहान लाकडी काड्या, ज्यांस 'कानी' म्हणतात. कानीची शाल उलट बाजूने विणतात. सुलट बाजू, जी पुढे कोणा राणीच्या खांद्यावर दिसावयाची ती, विणताना खालच्या अंगास असते. आंब्याच्या कोयरीचे वळण विणकर डोळ्याने पाहात नसे. त्याच्यापर्यंत ते रंगांच्या आणि आकड्यांच्या ओळींतून पोहोचे. काश्मिरी गालिच्यांच्या मागावर तर तालीम प्रत्यक्ष म्हटली जाई. एकाने ओळ म्हणावयाची, बाकीच्यांनी गाठी मारता मारता तिला साथ द्यावयाची. चित्राचे शब्द झाले, शब्दांचा सूर झाला, आणि सुराचे पुन्हा चित्र झाले.

आमचे कल्पित पुस्तक लिहिणाऱ्याला ह्याहून अधिक काय लिहावयाचे होते?

ह्याच सुमारास, किंबहुना थोडे आधी, फ्रान्सात लियाँ शहरी निराळ्या वाटेने हीच गोष्ट घडत होती. १७२५ साली बाझील बुशाँ ह्याने मागास भोके पाडलेला कागद लावला. तो वाद्ये करणाऱ्याचा मुलगा. यांत्रिक ऑर्गनच्या नळकांड्यावर खिळे बसवून सूर आपोआप वाजविण्याची कला त्याच्या घरची होती, आणि सुराच्या जागी त्याने धागा घातला. वोकाँसाँ ह्याने १७३८ साली पॅरिसमध्ये बासरी वाजविणारा यांत्रिक पुतळा दाखविला. १७४१ साली त्याची रेशमाच्या कारखान्यांवर तपासनीस म्हणून नेमणूक झाली, आणि १७४५ साली त्याने आपोआप नक्षी विणणारा माग केला. ह्या सर्वांचा मेळ घालून १८०४ साली जाकार्डने जो माग सिद्ध केला तो जगभर गेला. पुढे १८९२ साली गाव्हियोली ह्या वाद्यकाराने जत्रेतील ऑर्गनांस तशीच भोकांच्या पुठ्ठ्यांची पुस्तके लावली, म्हणजे सुरापासून निघालेली विद्या मागावरून फिरून सुराकडे परत आली. आजची गणकयंत्रे ह्याच पुठ्ठ्यांच्या वंशातील आहेत. बॅबेजने आपल्या नियोजित यंत्रासाठी ते जाकार्डच्या मागावरून घेतले हे प्रसिद्ध आहे.

तालीम आणि पुठ्ठा ह्यांत तत्त्वाचा भेद नाही, परंतु व्यवहाराचा भेद मोठा आहे. पुठ्ठा वाचावयास माणूस लागत नाही. तालीम वाचणाराचा गळा लागतो, आणि ऐकणाराचा हात. जाकार्डच्या मागावर पॅरिसमध्ये व स्कॉटलंडातील पेस्लीत काश्मिरी नक्षीच्या शाली स्वस्तात निघू लागल्या. तरी खऱ्या शालीस फ्रान्सात गिऱ्हाईक होते, आणि १८७०-७१च्या प्रशियाबरोबरच्या युद्धात ते गिऱ्हाईक बुडाले तेव्हाच तिचा कणा मोडला. पाठोपाठ १८७७ ते ७९चा दुष्काळ आला, आणि शालबाफ मेले, पळाले किंवा गालिच्यांकडे वळले. परंतु त्यापूर्वीच, बाजार तेजीत असतानाच, त्यांची स्थिती कशी होती पाहा. दाग-शाल नावाच्या सरकारी खात्याचा कर एवढा की, मिळकतीतून पोटास उरू नये. २९ एप्रिल १८६५ रोजी श्रीनगरच्या झालडगर भागात शालबाफांनी जमाव करून दाद मागितली. डोगरा सरकारच्या शिपायांनी त्यांस कालव्याच्या पुलाकडे रेटले आणि अठ्ठावीस जण बुडून मेले असे सांगतात. त्या दिवशी विणल्या जात असलेल्या शाली पुढे युरोपात विकल्याही गेल्या असतील.

तेव्हा आमच्या स्नेह्यांच्या आक्षेपाचा दुसरा भाग असा राहतो की, शास्त्र होते खरे, पण ग्रंथ नव्हता म्हणून ते बुडाले. हेही पूर्ण खरे नव्हे. तालीम लिहिलेलीच होती. टेलरचे पुस्तक छापलेले होते. १८६६ साली फोर्ब्स वॉटसनने हिंदुस्थानच्या कापडाचे सातशे नमुने कापून अठरा खंडांत चिकटविले; त्यांचे वीस संच केले, तेरा ब्रिटनमध्ये ठेवले आणि सात हिंदुस्थानात पाठविले. त्याने ढाक्याचे सूत सूक्ष्मदर्शकाखाली घालून विलायती सुताशी ताडून पाहिले. पण हे सर्व कोणासाठी? नमुन्यावरून हिंदुस्थानास काय खपेल हे मँचेस्टरच्या कारखानदारास कळावे म्हणून. विलायती सूत ढाक्यात १८२१ पासून येऊ लागले होते. कंपनीने आपली ढाक्याची व्यापारी कोठी १८१७ सालीच बंद केली होती. आणि जे शहर एकेकाळी दीड लाख वस्तीचे होते ते तीस-चाळीस हजारांवर आले, अशी साक्ष ट्रेव्हेल्यनने १८४० साली पार्लमेंटच्या समितीपुढे दिली. टेलरचा ग्रंथ जन्मास आला तेव्हा त्यात वर्णिलेल्या कातणारणींच्या मुली ते काम सोडून बसल्या होत्या. विद्या कागदावर आली, आणि तिच्यावर पोट भरेनासे झाले.

असे असूनही ग्रंथ अगदीच निरुपयोगी ठरला नाही. बांगलादेशात २०१४च्या सुमारापासून फुटी कापसाचा शोध सुरू झाला. लंडनच्या क्यू उद्यानात जपून ठेवलेली जुनी वाळकी पाने, तेथील संग्रहालयांतील मलमलीचे तुकडे आणि टेलरने लिहिलेली लक्षणे ह्यांच्या आधारे मेघनेच्या काठी त्या झाडाचा माग काढण्यात आला. जामदानीचे विणकर शीतलक्षेच्या काठी होतेच. त्यांची विद्या बोलांवर चाललेली असल्यामुळे टिकली होती, आणि २०१३ साली युनेस्कोने तिची दखलही घेतली होती. त्यांच्याकडून नवी तलम वस्त्रे विणवून घेण्यात आली, आणि २०२० साली ढाकाई मलमलीस तेथील सरकारने भौगोलिक निर्देशांक दिला. सर्वांत जड गेले ते कातणे. झाड सापडले, विणकर सापडले. अशा सुताची सवय असलेली बोटे कोठेच नव्हती, ती नव्याने तयार करावी लागली. काश्मिरात कनिहामा येथे कानीच्या शाली अद्याप विणल्या जातात. तालीम आता पुष्कळदा गणकयंत्रावर तयार होते आणि छापून मागावर येते, म्हणजे जाकार्डच्या पुठ्ठ्यांचा पणतू तरह-गुरूच्या जागी येऊन बसला आहे. जुन्या तालमीचे कागद संग्रहालयांत आहेत. त्यांतील रंगांच्या व संख्यांच्या खुणा जाणत्यास लावता येतात.

टेलरचे ते पान आम्ही परवा आमच्या स्नेह्यांस वाचावयास दिले. त्यांनी ते दोनदा वाचले आणि म्हणाले, "उष्णमान दिले आहे, पण ओलाव्याचा आकडा नाही. त्यावाचून हे अपुरे आहे." आम्ही म्हटले की, तो आकडा बाईच्या बोटांत होता. ह्यावर ते काही बोलले नाहीत. पुस्तक मात्र घेऊन गेले, आणि अद्याप परत आलेले नाही.